बदकाचं गॅरेज आणि बाईसाहेब

प्रिय तारवाल्या,

आधी तुझ्या त्या आचाऱ्याला सांग, व्हिडिओ गेमची वर्गणी भरलेली आहे. वेळेवर भरलेली आहे. भर समुद्रातल्या तुमच्या लोखंडी प्लॅटफॉर्मवर एका संध्याकाळी सगळ्या खेळांना कुलूप लागलं आणि त्याने सगळ्यांच्या देखत 'इलेक्ट्रिशियनच्या बायकोने पैसे बुडवले' असं जाहीर केलं, हे वाचून मी दुकानात एकटीच हसत बसले. मालकांनी चष्म्यावरून एकदा बघितलं आणि काही न विचारता पुन्हा काच घासायला घेतली. तुझं पत्र बोटवाल्याने स्वतः आणून दिलं. जाताना आपल्या चष्म्याच्या दांडीचा स्क्रू फुकटात घट्ट करून घेतला, म्हणजे त्याची खेप काही वाया गेली नाही. चार पानी पत्र, त्यात साडेतीन पानं खेळांच्या कुलपाबद्दल आणि शेवटी 'तू कशी आहेस?' चालायचंच. फोनवर तू 'हो, हो, बरं' एवढंच बोलतोस, त्या मानाने हे म्हणजे महाकाव्य झालं. मी छान आहे. आता तुझ्या साडेतीन पानांचं उत्तर देते, कारण हल्ली मी या विषयातली जाणकार झाले आहे. कशी झाले, ते पुढे येईलच.

असं आहे बघ. कन्सोलवर आपल्या खात्यातली लायब्ररी, म्हणजे खेळांची यादी, उघडली की पडद्यावर खेळांची चित्रं शेजारी शेजारी ओळीने दिसतात, त्यामुळे वाटतं सगळे एकाच माळेचे मणी. तसं नसतं. त्यातले काही आपण विकत घेतलेले. ते आपले. वर्गणी भरा नाहीतर नका भरू, ते उघडणार. काही खेळ कंपनी दर महिन्याला वर्गणीदारांना देते. ते त्या महिन्यातच खात्यात जमा करून घ्यायचे, विसरलात तर गेले. पण एकदा घेतले की वर्गणी चालू आहे तोवर आपल्याकडे. वर्गणी थांबली की कुलूप, पुन्हा भरली की उघडले. आणि सगळ्यात मोठा ढीग आहे तो फिरत्या खेळांचा. ज्यांनी ते बनवले त्यांच्याशी करार करून कंपनी ते काही काळ मांडून ठेवते. करार संपला की खेळ निघाला, मग तुम्ही किती का इमानदारीने वर्गणी भरत असा. त्याच्या जागी दुसरे येतात. खेळ गेला तरी आपण त्यात कुठवर पोचलो होतो ती नोंद पुसली जात नाही. तो पुढे कधी विकत घेतला तर पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागत नाही.

तुमच्याकडे झालं ते वेगळंच. तू नेलेल्या जुन्या कन्सोलवर सगळे वर्गणीचेच खेळ होते, आणि त्याला वर्गणी कुठपर्यंत भरली आहे एवढंच ठाऊक होतं. ती तारीख उलटली. मी पुढची भरली, पण तिथे नेट नाही, तर ते त्या बिचाऱ्याला सांगणार कोण? त्याच्या दृष्टीने आपण थकबाकीदार. पुढच्या वेळी किनाऱ्यावर याल तेव्हा त्याला बरोबर आणा आणि विश्रामगृहात एकदा नेटला जोडा, लगेच शुद्धीवर येईल. तोवर म्हणून फुटबॉलची आणि गाड्यांच्या शर्यतीची अशा दोन डिस्क पार्सलमध्ये मोज्यांच्या आत गुंडाळून पाठवल्या आहेत. त्या आपल्या विकतच्या आहेत, नेट मागणार नाहीत. मोजेही वापर.

आता तू म्हणशील, जिला कंट्रोलर सरळ धरायचा की उलटा हे कळत नव्हतं तिला हे ज्ञान आलं कुठून. बाईसाहेबांकडून. तू दत्तक-संस्थेत पहिल्याच भेटीत तिला ते नाव देऊन आलास आणि तेच चिकटलं. तेव्हा तू तिच्यापुढे किती अवघडून बसला होतास ते आठवतं का? एवढा तारांच्या जंजाळात शिरणारा माणूस, आणि आठ वर्षांच्या मुलीशी काय बोलावं ते सुचेना. शेवटी 'बाईसाहेब, तुमच्या या खोलीतली ट्यूबलाइट फडफडते आहे' म्हणालास आणि स्टुलावर चढून ती दुरुस्त केलीस. ती एक शब्द बोलली नाही. परतताना तू रस्ताभर म्हणत होतास की आपण तिला आवडलो नाही. तू समुद्रावर गेलास तेव्हापासून ती दर शनिवार-रविवार आपल्याकडे येते आहे. सुरुवातीला संस्थेतल्या ताई आणून सोडत, ती पलंगाच्या कडेला बसे आणि विचारलं तेवढ्याचं उत्तर देई. जेवून झालं की स्वतःचं ताट विसळून पुसून जागेवर ठेवायची, आणि कुठल्याही वस्तूला हात लावण्याआधी 'घेऊ का?' म्हणायची. पाणी प्यायलासुद्धा. मला ते इतकं बोचायचं की मीच घरभर 'घेऊ का, घेऊ का' करत फिरायला लागले. तेव्हा ती पहिल्यांदा हसली.

मग एका शनिवारी तिने टीव्हीखालचा कन्सोल बघून हे काय म्हणून विचारलं. मी तुझ्यासारखी ऐट करून लायब्ररी उघडली आणि म्हटलं, निवड काय हवं ते. तिने बराच वेळ लावला. युद्धं, राक्षस, राजवाडे सगळं ओलांडून ती एका बदकावर जाऊन थांबली. त्या खेळात एक बदक तळ्याकाठी गॅरेज चालवतं. इतर प्राणी मोडक्या होड्या घेऊन येतात, ते दुरुस्त करतं आणि प्रत्येकाला थोडं टोचून बोलतं. बाईसाहेबांना ते बदक फार मानवलं. त्यांचं पहिलं मत असं की बदकाला स्वतःला पोहता येतं, म्हणूनच त्याला होडीवाल्यांची कीव येते आणि ती लपवायला ते खेकसतं. मी म्हटलं, आपल्या घरातही असा एक प्राणी आहे, सध्या समुद्रावर असतो. त्यावर तिने तुझ्याबद्दल पहिला प्रश्न विचारला. तू रागावतोस का, असा. मी म्हटलं, क्रिकेट बघताना टीव्हीवर रागावतो, माणसांवर नाही. ते तिने मनात नोंदवून ठेवलं असावं.

खेळताना ती टीव्हीला नाक लावून बसायची. मी तिला दोनतीनदा मागे ओढलं. मग एकदा बदक काय म्हणालं ते तिने मला वाचायला सांगितलं आणि माझ्या डोक्यात प्रकाश पडला. दिवसभर लोकांचे डोळे तपासते मी, आणि घरातल्या मुलीला अक्षरं दिसत नाहीत हे कळायला इतका वेळ. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा. ताईंना फोन करून विचारलं आणि तिला दुकानात नेलं. मालकांनी स्वतः तपासलं. नंबर चांगलाच निघाला. फ्रेम निवडताना तिने सगळ्यांत साधी, करडी उचलली. मालक गंभीरपणे म्हणाले, 'ही हिशेबनिसांसाठी आहे, बाईसाहेबांसाठी नाही.' तेव्हा तिने लाल घेतली. काच मी बसवली. चष्मा लावून ती दाराबाहेर आली, समोरच्या इमारतीकडे बघत राहिली आणि म्हणाली, 'त्या गॅलरीत कपडे वाळत घातलेत.' एवढंच. मला मात्र आत जाऊन नाक पुसावं लागलं.

त्याच संध्याकाळी घोटाळा झाला. चष्म्यामुळे तिला आता पडद्यावरचं सगळं वाचता यायला लागलं होतं, आणि लायब्ररीत 'लवकरच जाणार' अशी एक ओळ असते तिच्यात तिला तिचं बदक दिसलं. तिने मला काही विचारलं नाही. मी स्वयंपाकघरात होते. बाहेर आले तर टीव्ही बंद, कंट्रोलर नीट पुसून खोक्यात ठेवलेला, आणि ती आपले कपडे पिशवीत भरत होती. अजून रविवार पूर्ण बाकी होता. मी विचारलं, कुठे निघालीस? तर म्हणाली, 'कुठे नाही. भरून ठेवलेलं बरं असतं. ऐन वेळी काहीतरी राहतं.' तिने ते अगदी शहाण्यासारखं सांगितलं.  मी तिच्याशेजारी जमिनीवर बसले आणि तिच्या हातातला स्वेटर घडी करायला घेतला. तिने तीन घरं बघितली आहेत रे. प्रत्येक वेळी कोणीतरी गोड बोलून घेऊन गेलं आणि काहीतरी कारण काढून परत आणून सोडलं. हे ताईंनी आपल्याला सांगितलं होतंच, पण ऐकणं वेगळं आणि पिशवी भरताना बघणं वेगळं.

थोड्या वेळाने तिनेच बदकाचा विषय काढला. ते का जाणार, आपण काही चुकीचं केलं का, जास्त खेळलो म्हणून का? तेव्हा मला ते सगळं समजावून सांगावं लागलं, जे वर तुला सांगितलं. खरं सांगायचं तर मला तरी कुठे ठाऊक होतं? मी कन्सोलवरच्या सूचना उघडल्या, तिने नव्या चष्म्यातून मोठ्याने वाचल्या, आणि आम्ही दोघी मिळून शिकलो. कुठले खेळ फिरते, कुठले महिन्याचे, कुठले कायमचे. ती एकेका चित्रावर बोट ठेवून विचारत गेली, 'हा आपला की फिरता?' सगळं ऐकून झाल्यावर मी म्हटलं, आपण बदक विकत घेऊ या, वर्गणीदारांना सवलतही आहे. ती लगेच हो म्हणाली नाही. विचार करून विचारलं, 'घेतल्यावर नको वाटला तर परत करता येतो का?' मी पुन्हा सूचना वाचल्या. एकदा उतरवून घेऊन खेळायला सुरुवात केली की परत करता येत नाही, असं लिहिलं होतं. तसंच्या तसं तिला सांगितलं. तिने ती ओळ स्वतः पुन्हा वाचली. मग म्हणाली, 'मग घ्या.'

मी त्यावर काही भाष्य केलं नाही, तूही करू नकोस. आम्ही खेळ घेतला. तिने अर्धवट सोडलेली होडी जिथे होती तिथेच सापडली, याचं तिला मोठं अप्रूप वाटलं. रविवारी पिशवी रिकामी होती की भरलेली, ते मी बघितलं नाही. तेव्हापासून मात्र ती 'घेऊ का' विचारत नाही. उलट गेल्या आठवड्यात माझ्या डब्यातला लाडू न विचारता खाल्ला आणि वर 'साखर कमी आहे' म्हणाली. मला लॉटरी लागल्यासारखं झालं. तुझ्या आईंना फोनवर सांगितलं तर त्या म्हणाल्या, 'आता खरी तुमच्या घरातली झाली, नावं ठेवायला लागली.' त्यांनी तिच्यासाठी स्वेटर विणायला घेतला आहे. रंग विचारायला रोज फोन करतात आणि रोज विसरतात.

आता हे पत्र का लिहायला घेतलं ते सांगते. बुधवारी संस्थेतल्या ताईंनी मला बोलावलं होतं. एवढ्या मोठ्या मुलांना दत्तक जायचं का ते स्वतःलाच विचारतात, आपण बाहेर बसायचं. मी बाकावर बसून हातातल्या रुमालाची वाट लावली. ताईंनी नंतर सांगितलं, तिने आपल्याकडे राहायला 'हो' म्हणायला जराही वेळ लावला नाही. फक्त विचारलं, 'पण समुद्रावरच्या काकांना विचारलंय का?' ताईंनी अर्जावरची तुझी सही दाखवली. ती म्हणाली, सही सगळेच करतात. मग मला आत बोलावलं. मी म्हटलं, फोन लावू? त्यालाही नाही म्हणाली. फोनवर तुझ्यामागे माणसं ताटकळत उभी असतात हे तिला कळलं आहे, आणि घाईत कोणीही हो म्हणतं, असं तिचं म्हणणं. कागदावर विचारलं म्हणजे माणसाला नीट विचार करता येतो. तेव्हा ती आता इथेच आहे, कायमची आहे, पलीकडच्या खोलीत पोटावर झोपून तुला पत्र लिहिते आहे. तुला बाबा म्हणायचं की आणखी काही, आणि तू तिला विचार करून हो म्हणतोस का, असं काहीतरी त्यात असणार. मी वाचणार नाही, ती पाकीट स्वतः चिकटवणार आहे. माझ्या पत्राला सवडीने उत्तर दे. तिच्या पत्राचं मात्र पहिल्या बोटीने पाठव, आणि वर तिचं नाव घाल. तिच्या नावाने आजवर टपाल आलेलं नाही.

तुझीच,
चष्मेवाली