चिकटवलेलं पान

घाटकोपर,
१४ जुलै २०२५

सौ. रुक्मीताईस,
जान्हवीचा सा. न. वि. वि.

फोन नाही केला, कारण एकाच खोलीत सासूबाई असतात. हे त्यांच्यासमोर कसं सांगू?

आमच्या रुचिराला शाळेतून दर शुक्रवारी चित्रांचं पुस्तक घरी देतात. इंग्लिश असतं. ॲडमिशनला मी छाती काढून सांगितलेलं, घरी मी वाचून दाखवते. मला कुठलं येतंय? मी चित्र बघून मनानेच गाणी जोडते. पुस्तकात हत्ती गाडीत आहे, मी रिक्षात बसवला.

हत्ती बसला रिक्षात,
सोंड अडकली मीटरात,
रिक्षावाला म्हणतो काका,
पोट तेवढं खाली टाका!

पोरगी हसून लोळते गं. तिला वाटतं तसंच लिहिलंय.

पण शेवटच्या पानावर चित्रच नाही, नुसती बारीक अक्षरं. ती रोज बोट ठेवायची, इथे काय लिहिलंय? मी काय जोडू? एका सकाळी ती उठायच्या आत भाताची शितं लावून ते पान पुठ्ठ्याला चिकटवून टाकलं. म्हटलं, संपलं पुस्तक.

परत द्यायला गेले तर उत्तरा मिसने पकडलं. कोणी केलं विचारलं. ताई, माझ्या तोंडातून निघालं, हिनेच. रुचिरा बाजूला उभी. तिने नुसतं माझ्याकडे बघितलं. मिस म्हणाल्या, आता दिवाळीपर्यंत हिला पुस्तक नाही.

आठ दिवस झाले, गाणं मागत नाही. मीच म्हणायला लागले तर कानावर हात ठेवते. खरं सांगितलं आणि शाळेने काढलं तर? हे फी कशी भरतात तुला माहितेय.

तू रागाव, पण उत्तर टाक.

तुझी जान्हवी


मालवण,
२२ जुलै २०२५

चि. सौ. जान्हवीस,
अनेक आशीर्वाद.

अगो, लहानपणी माझी फणी मोडलीस नि मांजराचं नाव सांगितलंस. मांजराला बोलता येत नव्हतं. तुझ्या पोरीला येतं, तरी ती गप्प राहिली. कोणासाठी, ते तूच बघ.

मिसला घाबरतस कित्याक? मोठ्या बाईने पान चिकटवलं म्हणून पोरीला शाळेतून काढतील होय? आणि काढलं तर काढलं. पाच वर्षांच्या पोरीच्या डोक्यावर तुझं पाप ठेवून तिला कसलं इंग्लिश शिकवतेस?

जावन सांग. पोरीसमोरच सांग. हत्तीचं गाणं मी इथे शेजारच्यांना म्हणून दाखवलं, सगळे हसले. निलेशरावांना नमस्कार, आणि माझ्यावर रुसू नको.

तुझी ताई


घाटकोपर,
४ ऑगस्ट २०२५

सौ. ताईस,
सा. न. वि. वि.

पत्र वाचून दोन दिवस जेवण गेलं नाही. मग गेले. रुचिराचा हात धरून मिसना सांगितलं, पान मी चिकटवलं, नाव हिचं घेतलं, मला इंग्लिश वाचता येत नाही. काढणार असाल तर आत्ताच सांगा.

मिसनी ओला रुमाल लावून पट्टीने हळूहळू पान सोडवलं. एक कोपरा फाटलाच. मी विचारलं, काय आहे त्याच्यावर? ताई, पुस्तक कुठे छापलं, किंमत काय, फोन नंबर. बस. गोष्टीतलं एक अक्षर नाही! मिस हसल्या. मला हसू येईना.

शाळेतून कोण कशाला काढतंय, म्हणाल्या. मग खाली बसून रुचिराला सॉरी बोलल्या. मिस बोलेपर्यंत मला सुचलं नव्हतं गं. मग मीपण बोलले. तिने मान हलवली, पण हात सोडवून घेतला.

पुस्तक परत घरी आलंय. आता संध्याकाळी गाणी म्हणते, पण तिला सांगून, की ही आईची आहेत, पुस्तकातली नाहीत. हत्तीला हसते थोडी. शेवटच्या पानाला मात्र फाटक्या कोपऱ्यावर बोट ठेवते आणि माझ्याकडे बघत थांबते.

मी म्हणते, मी चिकटवलं होतं.

मगच ती पुस्तक मिटते. रोज.

माया कमी करू नको.

तुझी जान्हवी