इंग्रिडच्या समोरची खुर्ची

शुक्र. २९ ऑक्टो. ९९, अल कुसैस, दुबई
इंग्रिड घरी आली. स्वीडनची, साठीला टेकलेली, डॉक्युमेंटरी करते. आधी तिकडचे खाणकामगार, मग स्टॉकहोमबाहेरची तुर्की कुटुंबं, आता आखातातले आपण. टीव्हीवाल्यांना असं संथ काही नको असतं, ही बहुधा शेवटची फिल्म, असं स्वतःच म्हणाली.
रीत अजब. माणसाला खुर्चीत बसवायचं, कॅमेरा लावायचा, त्याच्या भाषेत बोलू द्यायचं. तिला एक अक्षर कळत नाही. दुभाष्या खोलीत नको, नाहीतर लोक त्याला बरं वाटेल तेच बोलतात म्हणे. टेपचं इंग्रजी मी नंतर घरी बसून करायचं.
हे म्हणाले, "म्हणजे भिंतीशीच बोलायचं की!"

मंगळ. २ नोव्हें.
चकल्यांचं शूटिंग. ओटा लख्ख केला, इस्त्रीची साडी नेसले. इं. हिरमुसली. तिला रोजचा पसारा हवा होता.
मुक्ता : "आई, यू नेव्हर कुक इन दॅट!" कार्टीला मराठीत उत्तर देता येत नाही, इंग्रजीत टोमणा मात्र बरोबर बसतो.
मी चकल्या तळता तळता बोलत सुटले. मुक्ताची बारावी झाली की चंबूगबाळं आवरून पुण्याला. दारात पारिजातक, सकाळी आकाशवाणी...

शुक्र. ५
आज हे बसले, बाल्कनीत. मी नि मुक्ता भाजीला गेलो. परत आलो तरी यांचं चालूच. एरवी दोन शब्द बोलायचे तर जिवावर येतं. आत आले ते डोळे पुसत.
"ऊन लागलं," म्हणाले.

मंगळ. ९
घरात एकटीच. ह्यांची टेप लावली. आधी ऑफिस, साइट, शारजाचं ट्रॅफिक. मग—
"मला परत जायचं नाही. आई होती तोवर तिथे घर होतं. आता तिथे मी कोण? हिला सांगायला धजत नाही. ही रोज पुण्यातलं घर मांडते, मी हो हो करतो."
टेप बंद केली. चहा केला, तो निवून गेला.
इं.ला मराठी कळत नाही म्हणून मोकळे झाले. टेप बायकोच्याच हातात येणार, हे विसरले. असा घोळ ह्यांनीच घालावा! आधी राग आला, मग रडले. परक्या बाईसमोर जमलं, माझ्यासमोर नाही. हे फार लागलं.

गुरु. ११
इं.ला फोन. तेवढं गाळू का, विचारलं. म्हणाली, तिच्या पहिल्या फिल्ममध्ये तिचेच वडील असंच काही बोलले होते. आईला लागू नये म्हणून तिने ते कापलं. दोघं त्यावर कधीच बोलले नाहीत. आता दोघंही नाहीत.
"तू म्हणशील तसं," म्हणाली. शेवटची फिल्म असून!
जेवताना मुद्दाम पुण्याचा विषय काढला.
हे : "जाऊ गं. इन्शाल्ला." मान ताटात.
मी ताटं उचलली.

शुक्र. १२
हे नि मुक्ता बाहेर. इं.ला बोलावलं. म्हटलं, आज मी बसते. घरच्या गाऊनवरच. ओटा पुसला नाही.
बोलले. काय ते इथे लिहीत नाही.
शेवटी इं.ला सांगितलं, ह्या टेपचं इंग्रजी ह्यांच्याकडून करून घे. तिने माझा हात धरला, सोडेचना.

सोम. १५
संध्याकाळी इं. कॉपी घेऊन आली, ह्यांच्या हातात दिली.
"अगं, मला कुठे येतं ट्रान्सलेशन? तूच करतेस ना सगळं."
"हो. सगळ्या टेपा मीच केल्या."
टेपकडे पाहिलं. माझ्याकडे पाहिलं. चेहरा उतरला. टेप घेऊन आत गेले.
दार लोटलेलं आहे. आतून माझाच आवाज येतोय. मधेच थांबतो. रिवाइंड. पुन्हा तेच वाक्य :
"एकदा मला सांगून तर बघायचं होतंत."