चार बोटांचं अंतर

३ मार्च, सकाळी ७
आजपासून मी नट. बॉक्सिंगला रामराम. एकोणीस वर्षं रिंगमध्ये नाकं फोडली, आता कॅमेऱ्यासमोर फोडू. मेहुणा फाइट मास्टर आहे, त्यानेच डायरेक्टरकडे शब्द टाकला. व्हिलनच्या खास गुंडाचा रोल. डायलॉग एकही नाही. डोळ्यांनी बोलेन. बायको म्हणाली, अहो, माझ्या भावाची नोकरी तुमच्या हातात आहे, जपून. म्हटलं, मग काळजीच मिटली.

६ मार्च
तालीम. ठोसा जबड्यापासून चार बोटं लांबून न्यायचा, समोरच्याने मान झटकायची. पडद्यावर म्हणे लागल्यासारखं दिसतं. शुद्ध फसवणूक! तरी केलं. स्टंटवाल्याचे दोन दात गेले. हनुवटी उघडी टाकून कुणी उभं राहतं का?
संकल्प: उद्यापासून कुणाच्याही तोंडाला हात लावायचा नाही.

७ मार्च
संकल्प पाळला. बरगडी मोडली. दुसऱ्याची.

११ मार्च
माझ्यासमोर उभं राहायला कुणी तयार नाही. जळतात मेले. डायरेक्टर म्हणाला, आणखी एक जायबंदी झाला तर तू आणि तुझा मेहुणा, दोघंही घरी. मेहुणा म्हणाला, भावजी, मीच उभा राहतो, माझ्यावर थोडाच हात टाकाल तुम्ही? डोळे भरून आले. अश्रू शूटिंगसाठी राखून ठेवले.

१२ मार्च, दुपारी १:४०, मेकअपची खोली
बाहेरून कडी लावलीय. दोन टेक झकास झाले. तिसऱ्याला मेहुणा मला धीर द्यायला हसला. समोरचा हसला की माझं डोकं फिरतं, हे त्याला ठाऊक नको? उजवा, डावा, पुन्हा उजवा. खाली पडल्यावर आणखी एक. माझ्या बाह्या कोपरापर्यंत लाल. चौघांनी ओढलं मला. ‘कट’ कुणीच म्हटलं नव्हतं, हे लिहून ठेवतो.

संध्याकाळी ६, हॉस्पिटल
दोघांचीही नोकरी गेली. मेहुण्याचा जबडा दोन ठिकाणी मोडलाय, तारेने बांधलाय. मी आत गेलो तर त्याने दोन्ही हातांनी तोंड झाकलं.
डॉक्टरने विचारलं, कसं झालं? म्हटलं, हाच आपला पहिला डायलॉग. श्वास घेतला, आवाज खाली आणला, सांगितलं: जिन्यावरून पडला. डॉक्टरने मान वर न करता कागदावर ‘मारहाण’ लिहिलं. मग भावाच्या उशाशी बसलेल्या बायकोला माझ्याकडे बोट दाखवून विचारलं, हे कोण?
ती म्हणाली, शूटिंगवरचे आहेत कुणीतरी.
एका टेकमध्ये. पापणीसुद्धा हलली नाही तिची.