आपलं म्हणशील तो परका

सेक्टर ३८, चंडीगड
१२ नोव्हेंबर २०२४

ती. लीलामावशीस,
शि. सा. न. वि. वि.

फोन उचलत नाही म्हणून रागावू नकोस. तुझा आवाज मला कुणा तिऱ्हाईत बाईचा वाटतो. अक्षर मात्र अजून तुझंच दिसतं, म्हणून तू पत्र लिही.

गणपतीत देवरुखला आले होते तेव्हाचं तुला आठवत असेल. रघुवीर मांत्रिक देवळापुढे एका पोरीला भूत उतरवायचं म्हणून छडीने मारत होता आणि मी ती छडी हिसकावून मोडली. त्यावर तो देवळाच्या पायरीवर हात ठेवून म्हणाला होता, की ज्याला ज्याला तू आपलं म्हणशील, तो तो तुला परका होईल. आपण हसत घरी आलो आणि तू घावने घातलेस.

इथे परतल्यावर थोड्याच दिवसांत सुरू झालं. इंद्रजित सकाळी चहा घेऊन आला तर तो मला कोणी वेगळाच माणूस वाटला. नाकडोळे तेच, पण हा तो नव्हे. नवरा आहे हे डोक्याला कळतं, मन ऐकत नाही. विद्यापीठात शिकवायला जाते तिथे सगळे ओळखीचे, बसचा कंडक्टरसुद्धा. परके झालेत ते फक्त माझे. मेंदूचे फोटो काढून झाले. डॉक्टर सज्जन आहेत, पण त्यांना काही सापडत नाही.

परवा रेवाला आणायला गेले आणि शाळेतल्या बाईंना सांगितलं, की ही माझी मुलगी नव्हे. सहा वर्षांची पोर पाण्याची बाटली छातीशी धरून उभी राहिली. मावशी, मला इथून कुठेतरी निघून जावंसं वाटतं.

थोरांस नमस्कार. माझ्यावरची माया आटू देऊ नकोस.

संपदा


देवरुख
२१ नोव्हेंबर २०२४

चि. सौ. संपदास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र वाचलं, चपला घातल्या आणि तडक रघुवीरच्या अंगणात गेले. माणसं बसली होती, त्यांच्यादेखत त्याला शाप मागे घ्यायला सांगितलं. तो म्हणाला, पायरीवर ठेवलेला शब्द त्यालाही उचलता येत नाही. वर सल्ला दिला, की तिने त्या माणसांना सोडून द्यावं, म्हणजे मन शांत होईल. बोलताना गालात हसत होता. म्हणजे तू पळावंस हेच त्याला हवं आहे. तेव्हा जागची हलू नकोस.

इंद्रजितरावांना फोन केला. बिचारे आयटी पार्कातल्या जिन्यात उभं राहून बोलले. म्हणाले, ती मला अहोजाहो करते आणि चहा दिला की आभार मानते, इतकी सभ्य तर लग्नातही नव्हती. हसले, आणि मग मलाच विचारलं, की आता मी काय करू?

आपलं वाटत नाही, तर नको वाटू दे. दारी परका माणूस आला तर आपण त्याला पाणी देतो, नाव-गाव विचारतो, जेवायला वाढतो. तेवढं तर करशील? आणि स्वतःही जेव. वाळलीस असं कळलं.

वाटेकडे डोळे लावून असलेली,
तुझी लीलामावशी


चंडीगड
९ फेब्रुवारी २०२५

ती. लीलामावशीस,
साष्टांग नमस्कार.

तू सांगितलंस तसं केलं. घरातल्या माणसाला नाव-गाव विचारलं. त्याने न चिडता सांगितलं, आणि दर रविवारी आम्ही सेक्टर १७च्या चौकात नव्याने ओळख झाल्यासारखे भेटू लागलो. त्याला उंचीची भीती वाटते हे मला नऊ वर्षांच्या संसारात ठाऊक नव्हतं. माणूस बरा निघाला. पोरीनेही हात पुढे करून सांगितलं, की मेरा नाम रेवा है और मुझे भिंडी पसंद नहीं. मला दोघं आवडू लागली, पण परकीच राहिली. ही माझी, असं म्हणायला गेलं की चेहरा आणखी दूर जाई.

काल रेवा बागेत घसरगुंडीवरून पडली. हनुवटी फाटली. तिला उचलून धावत दवाखान्यात नेलं. टाके घालायच्या आधी डॉक्टरीणबाईंनी विचारलं, की आप इसकी कौन हैं? ही माझी मुलगी म्हटलं तर ती आणखी दूर जाईल, याची भीती वाटली. पोर माझा कुडता घट्ट धरून होती. तिच्या त्या मुठीकडे पाहत मी म्हटलं, मैं इसकी हूँ.

बाईंना वाटलं वाक्य अर्धं राहिलं. त्यांनी पुन्हा विचारलं, मी पुन्हा तेच सांगितलं. आणि खाली पाहिलं तर रेवा होती. माझी रेवा, रक्ताने माखलेली, माझ्याकडे बघणारी. मला इतकं रडू आलं की टाके तिला पडले आणि धीर तिनेच मला दिला.

इंद्रजित ऑफिसातून धावत आला. तो दारात असतानाच मी त्याला सांगितलं, की मी तुझी आहे. नीट बघते तो काय, तोच तो, शर्टाचं बटण चुकीचं लावलेला. मावशी, रघुवीरने मी कोणाला आपलं म्हणावं यावर शाप घातला. मी कोणाची, ते त्याच्या हातात नव्हतं.

आज रात्री फोन करणार आहे. शिव्या द्यायच्या राहिल्या असतील तर तेव्हा दे.

तुझीच,
संपदा


देवरुख
२ मार्च २०२५

चि. सौ. संपदास,
पोटभर आशीर्वाद.

फोनवर तासभर बोललो तरी हे लिहायला हवं. तुझं पत्र मी रघुवीरच्या अंगणात भर गर्दीत मोठ्याने वाचलं. तो उठू लागला, त्याला बसवून तुझं ‘मैं इसकी हूँ’ हे वाक्य पुन्हा ऐकवलं.

कोपऱ्यात सरोज बसली होती, टपालवाल्या जयंताची विधवा. पुण्याला लेकाच्या घरी पाऊल टाकलंस तर त्याचं मन तुझ्यावरून उडेल, असं याने तिला कधीकाळी बजावलं होतं. ती उठली, पदर खोचला आणि निघून गेली. मागोमाग सगळेच उठले. या अमावास्येला त्याच्या अंगणात फक्त कोंबड्या होत्या.

काल सरोजचा पुण्याहून फोन आला. लेकाने दार उघडलं तेव्हा काय म्हणालीस, असं मी विचारलं. ती म्हणाली, तुमच्या भाचीचं वाक्य होतं ना, तेच मराठीत म्हटलं.

रेवाला गोड पापा.

तुझी लीलामावशी