साहेबाईचे बूट

रुआबांधा, भिलाई
फेब्रुवारी १९८६

माय,
तुह्या पाया पडतो. बेबीताईकडे पोटभर जेवून राहिलो. मले कोणी धमकावलं नाही, फक्त जीपची हवा सोडली.

माझ्या डॉक्युमेंट्रीसाठी कारखान्याच्या साहेबाईनं ठेक्यावरच्या मजुराईले नवे बूट देल्ले. "मजदूर हमारा परिवार है," म्हणे. थू! लाज कोळून प्यालेले लोक! मी चहा घ्यायले बसलो, तर कॅमेरा बंद झाला समजून दीडशहाण्याईनं तिथंच मजुराईच्या पायातले बूट काढून पेटीत भरले. कॅमेरा चालूच होता.

तुहे गुडघे कसे हायेत?

बाबा इथं ठेक्यावर होते तवाचा भिंतीवरचा फोटो पाहा. पायात चकचकीत बूट हायेत. मले तर त्याईचे भाजलेले पायच आठवतात. ते बूट घरी कधी आले होते का?

तुहा,
गुलाब