रिकाम्या खोलीचं एक मिनिट

३ जून
त्या सकाळी दूध तापत ठेवलं, पडदे धुवायला काढले आणि पेटीवर एक चाल शोधत बसले. हे न्हाणीघरात गुणगुणत होते. त्यांचं गुणगुणणं माझ्या चालीत घुसायचं. मी ओरडले, पुरे करा आता. ते थांबले. बरं वाटलं मला. दूध उतू गेल्यावर न्हाणीघरात डोकावले, तोवर ह्यांचं सगळं संपलं होतं.

दोन वर्षं झाली. आज हे लिहून टाकलं, कारण उद्यापासून रडगाणं नको. शाळेच्या नाटकांना चाली लावणारी मी आता सिनेमाला संगीत देणार. छोटासा सिनेमा, दिग्दर्शिका पुतणीच्या वयाची, मला काकू म्हणते. तिसऱ्या मजल्यावर रेकॉर्डिंगची खोली, बाहेरचा आवाज अडवायला भिंतींना जुन्या गाद्या. एडिटरने पहिला धडा दिला : आधी रिकाम्या खोलीचा मिनिटभर आवाज टिपायचा, संवादांमधल्या फटी भरायला. माइक लावून आम्ही तिघं जिन्यात उभे राहिलो. तो म्हणाला, शांतताही भाजीसारखी ताजी लागते. खूप दिवसांनी हसले.

९ जून
शेवटच्या प्रसंगाला तीन चाली दिल्या. तिन्ही नापास. नवं संगीत येईपर्यंत एडिटर प्रसंगाखाली काहीतरी तात्पुरतं लावून ठेवतो, आणि मग माणसं त्याच्याच प्रेमात पडतात. पाहुणा आला नि घरमालक झाला. दिग्दर्शिका म्हणते, तुमचं छानच आहे हो काकू, पण ती धून मनातून जात नाही.

१२ जून
पाचवीही नाही. डोकं उठलं. म्हटलं, ऐकवा तरी ती धून.

ह्यांची आहे. कुणी कधी टिपलेली नाही. न्हाणीघरातल्या घुमण्यासकट. तिसऱ्या ओळीत तुटते, जिथे मी —

एडिटर म्हणाला, पहिल्या दिवशीच्या मिनिटात सापडली. त्याला वाटलं, मीच घरून आणून घातली.

१४ जून
पुन्हा मिनिट टिपलं. दाराला बाहेरून कडी घालून. तीच धून. तिथेच तुटते. मग नुसता श्वास, वाट पाहणाऱ्या माणसाचा.

१५ जून
दिग्दर्शिका म्हणते, आता फक्त पुढची ओळ बांधा, सिनेमा पुरा. मला ती येत नाही. मी कधी पुढचं ऐकूनच घेतलं नाही. चिडून रिकाम्या खोलीला म्हणाले, मला माझी एक चाल करू द्या हो.

इथे शेगडी नाही. दूध करपल्याचा वास —

१६ जून
सकाळीच गेले. माइक लावला. या वेळी जिन्यात गेले नाही. दार आतून लावलं, पेटी मिटली, ही वही मांडीवर घेतली, म्हटलं, पुढे म्हणा, ऐकतेय मी.

तिसरी ओळ झाली. चौथी — ही तर मी त्या सकाळी शोधत होते तीच. म्हणजे तेव्हा हे मला तीच सांगत —

फरशी ओली. पावलं दारापासून इथवर. खांद्यावर गार, ओला हात. मी त्यांच्या सुरात सूर —