भाताच्या शितानं चिकटवलेलं दार

चि. राजेश्री,
पाथरीहून तुझ्या आईचा लय लय आशीर्वाद.

तुझ्या आप्पांना आत्ताच जालन्याच्या यष्टीत बसवून आले. तुला फोन करायचा न्हाई, अशी शपथ घातलीय त्यांनी. म्हनून कागदावर बोलायलेय.

तू धाडलेलं नाताळाचं कॅलेंडर आलं तवा ते म्हनले, "ना तिथी, ना एकादस. हे कसलं कॅलेंडर?" मी गपचिप देवळीजवळ खिळ्याला लावलं. नाताळापस्तोर रोज एकच दार उघडायचं, आत नातीनं काढलेलं चित्र हाय, असं तू लिहिलंतंस. मी तसंच करायले. सहाव्या दिवशी बगते तर सातवं दार भाताच्या शितानं चिकटवलेलं. दुसऱ्या दिवशी आठवं. घरात मानसं दोनच, अन् मी तर न्हाई.

तू ख्रिश्चन घरात लगीन केल्यापासून आठ वर्सं तुझं नाव न घेनारा मानूस नातीची चित्रं चोरून बगत होता.

काल वासरू निघालं. तवा मातर त्यांना ऱ्हावलं न्हाई. "शिंगं कानाच्या खाली काढलीत पोरीनं. कुनी शिकवलं न्हाई का?"

आज चोविसावं दार मला उघडू दिलं न्हाई. कॅलेंडर टावेलात गुंडाळलं अन् म्हनले, "हे पोरीच्याच हातानं उघडायचं."

हे पत्र टाकनार न्हाई, त्याच्या आधी तेच पोचतेत. तू काई इचारू नयेस, आल्या आल्या पोरीची पेन्सिल तेवढी त्यांच्या हातात द्यावीस, एवढंच देवाला मागते.

तुझी,
आई